पडद्यामागचे हात (भाग ९) : वामन भोसले यांची कात्री

१९६९ संपता संपता गिरगावच्या टोकाला, समोरासमोरच्या ऑपेरा हाउस आणि रॉक्सी या थिएटरांत राजेश खन्नाचे दोन सिनेमे एकाच वेळी गर्दी खेचत होते : ‘आराधना’ आणि ‘दो रास्ते’. ‘दो रास्ते’च्या श्रेयनामावलीत संकलक म्हणून वामन भोसले यांचं नाव होतं. स्वतंत्र संकलक म्हणून त्यांना पहिली संधी दिली ती राज खोसला यांनी, याच सिनेमात.

भोसले मूळचे गोव्याचे. १९५२ मध्ये ते बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली शिकू लागले. हेच पै पुढे ‘पाकीझा’चे संकलक. मग फिल्मिस्तानमध्ये बारा वर्षं साहाय्यकी. आज हा काळ फार वाटेल, पण तेव्हाचं काम हातानं करायचं होतं. ३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात सोळा चौकटी, मिनिटाला नव्वद फूट. अडीच तासांचा सिनेमा म्हणजे साडेतेरा हजार फूट, आणि चित्रित झालेलं त्याच्या कितीतरी पट. साहाय्यकानं चित्राची आणि आवाजाची रिळं क्लॅपच्या खुणेवर जुळवायची, कापलेले तुकडे नंबरवारीनं जपायचे. टाकलेला तुकडा दिग्दर्शक कधी परत मागेल याचा नेम नसे. एक कट बदलायचा तर जोड सोडवून पुन्हा चिकटवायचा. त्यामुळे कात्री उचलण्याआधी विचार पक्का व्हावा लागे.

हा पक्केपणा मला सगळ्यात जास्त दिसतो तो गुलजार यांच्या ‘आँधी’त (१९७५). भोसले आणि त्यांचे जोडीदार गुरुदत्त शिराळी यांनी तो संकलित केला. निवडणुकीच्या दौऱ्यावर आलेली आरती ज्या हॉटेलात उतरते, तिथला व्यवस्थापक तिचा दुरावलेला नवरा निघतो. तिथून सिनेमा वारंवार मागे जातो आणि परततो. भग्न अवशेषांमधलं ते गाणं आठवा. दोन अंतऱ्यांच्या मध्ये गाणं थांबतं, नवरा-बायको साधं बोलतात, आणि सूर पुन्हा त्यांना उचलून घेतो. बोलणं थोडं लांबलं असतं तर गाण्याचा धागा तुटला असता. आखडलं असतं तर इतक्या वर्षांचं न बोललेलं ऐकूच आलं नसतं. हे मोजमाप कागदावर मांडता येत नाही, ते टेबलावरच सापडतं.

त्याच वर्षी याच जोडीनं गुलजारांचा ‘मौसम’ही केला. ‘इन्कार’ची (१९७७) चाल अगदी वेगळी. कुरोसावाच्या ‘हाय अँड लो’वर बेतलेली ही अपहरणकथा; डॉ. श्रीराम लागू त्यातले उद्योगपती. या सिनेमासाठी भोसले यांना संकलनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. सुभाष घई यांच्याशी ‘कालीचरण’पासून जमलेली जोडी ‘खलनायक’पर्यंत टिकली. हळवं कुटुंबनाट्य, स्मृतींची गुंतागुंत, भव्य मसाला, सगळं एकाच माणसाच्या हातून गेलं.

संकलकाकडे दुर्लक्ष ही काही आपलीच खोड नाही. स्वीडनच्या बर्गमनचा ‘पर्सोना’ जगभर अभ्यासला जातो. तो संकलित करणाऱ्या उल्ला रीघे यांचं नाव किती अभ्यासकांना सांगता येईल? भोसले २६ एप्रिल २०२१ रोजी मुंबईत वारले. त्यांच्या कामामुळेच आपण स्वतःच्या सिनेमांचं संकलन करू लागलो, असं तेव्हा घई यांनी लिहिलं. ‘ताल’चे संकलक म्हणून पडद्यावर घई यांचंच नाव आहे.

पुढच्या भागात : रेणू सलुजा आणि ‘परिंदा’.