चंद्रकांत: गोठलेल्या चांदण्याचा मणी

चंद्रकांत हा संस्कृत काव्य आणि जुने रत्नशास्त्र यांनी मिळून घडवलेला कल्पित मणी. चंद्राचे किरण गोठून तो तयार होतो, चांदणे अंगावर पडताच पाझरू लागतो आणि त्यातून निर्मळ, थंड पाणी ठिबकते, अशी समजूत होती. सोमकांत आणि शशिकांत ही त्याचीच नावे. असा दगड कोणत्याही खाणीत मिळालेला नाही. तरी सहाव्या शतकात वराहमिहिराने बृहत्संहितेत रत्नांची जी यादी दिली, तीत हिरा, पाचू आणि मोती यांच्या पंक्तीला शशिकांतही बसवलेला आहे.

या कल्पनेला निव्वळ कविकल्पना म्हणून बाजूला सारणे योग्य नाही, कारण तिच्यामागे त्या काळची विश्वाची समज होती. चंद्र जलमय आहे आणि सूर्याचे किरण त्याच्यावर पडून परत फिरतात, म्हणून रात्रीचा अंधार दूर होतो, असे त्याच बृहत्संहितेत म्हटले आहे. चांदणे उसने असते हा त्यातला अर्धा भाग बिनचूक आहे. उरलेला अर्धा, म्हणजे चंद्र पाण्याचा असणे, मान्य केले की पुढचे आपोआप येते. चंद्र पाण्याचा, म्हणून त्याचे किरण थंड आणि ओलसर. ते गोठले तर मणी होणार, आणि चंद्र भेटला की मणी पुन्हा पाणी होणार.

कवींना हा मणी फार आवडला. मेघदूतातल्या अलका नगरीत चंद्रकांत मणी दोऱ्यांच्या जाळीत टांगलेले आहेत. मध्यरात्री चांदणे पडले की त्यांतून थेंब गळतात आणि थकलेल्या स्त्रियांचा शीण जातो. इथे कालिदास एक बारकावा विसरत नाही. हे सांगणे चालले आहे मेघाला, आणि तो मेघ चंद्रासमोरून बाजूला झाल्यावरच किरण मण्यांपर्यंत पोचतात. भवभूतीच्या उत्तररामचरितात हाच मणी स्नेहाचा दाखला होतो: काही ओढ बाहेरच्या कारणांवर अवलंबून नसते, चंद्र उगवला की चंद्रकांत पाझरतो तशी ती असते. मराठीत तो ज्ञानेश्वरीने (शके 1212, म्हणजे इ.स. 1290) रुजवला. अकराव्या अध्यायात विश्वरूप पाहून अर्जुनाच्या अंगावर घामाचे बिंदू दाटतात, तेव्हा ज्ञानेश्वरांना चंद्रकिरणांनी पाझरणारा सोमकांत आठवतो.

वैद्यकानेही त्याची दखल घेतली. सुश्रुतसंहितेत पाण्याचे प्रकार सांगताना चंद्रकांतातून निघालेल्या पाण्याचे गुण दिले आहेत: ते थंड आणि आल्हाददायक असते, पित्त शमवते, ज्वर, दाह आणि विष यांवर उपयोगी पडते.

चंद्रकांताचा जोडीदार सूर्यकांत. त्याची कथा अगदी वेगळी आहे, कारण तो खरा होता. यास्काच्या निरुक्तात एक कृती नोंदवली आहे: घासून लख्ख केलेले काशाचे भांडे किंवा मणी सूर्यासमोर धरावा, सुकलेले शेण त्याला न टेकवता योग्य जागी ठेवावे, ते पेट घेते. पारदर्शक स्फटिकाचा फुगीर मणी भिंगासारखे काम करतो आणि ऊन एका बिंदूत गोळा करतो, म्हणून हे घडते. शाकुंतलाच्या दुसऱ्या अंकात तपस्व्यांना सूर्यकांताची उपमा दिली आहे: स्पर्शाला थंड, पण दुसऱ्याचे तेज अंगावर आले की आग ओकणारा. हे निरीक्षणही खरे आहे. स्वच्छ स्फटिक ऊन स्वतःत फारसे शोषत नाही, त्यामुळे समोरचे शेण जळत असतानाही हातातला मणी गार राहतो.

सूर्याचा मणी आग देतो, तर चंद्राचा पाणी देणार, ही जोडी मनाला सहज पटणारी होती. शिवाय निरभ्र रात्री उघड्यावरचा गुळगुळीत दगड लवकर निवतो आणि त्याच्यावर दव जमते. चांदणे लख्ख पडते तेही अशाच रात्री. समजुतीला बळ मिळायला एवढे पुरेसे असावे. प्रत्यक्षात पौर्णिमेचे चांदणे उन्हाच्या सुमारे चार लाखाव्या भागाएवढेच असते. त्याने दगड वितळत नाही.

किरण गोठवून घन पदार्थ करणेही अवघड, कारण प्रकाशकण एकमेकांना अडवत नाहीत. दोन विजेऱ्यांचे झोत एकमेकांतून बिनदिक्कत पार होतात. मात्र 2013 मध्ये अमेरिकेतल्या हार्वर्ड आणि एमआयटीच्या शास्त्रज्ञांनी अतिथंड रुबिडियम अणूंच्या ढगातून प्रकाश सोडला, तेव्हा दोन प्रकाशकण जणू बांधले गेल्यासारखे जोडीने बाहेर पडले. मणी यापासून फार दूर आहे, पण प्रकाशकणांत ओढ निर्माण करता येते हे त्यातून दिसले.

आज जवाहिऱ्याकडे चंद्रकांत किंवा मूनस्टोन म्हणून मिळतो तो फेल्डस्पार गटातला खनिज दगड. श्रीलंकेतला विशेष नावाजलेला आहे. तो पाझरत नाही, पण त्याच्या पोटात चांदण्यासारखी निळसर झाक असते आणि दगड बोटांत फिरवला की ती पृष्ठभागाखालून सरकत जाते. तप्त खनिज सावकाश निवताना त्यातले पोटॅशियमचे आणि सोडियमचे फेल्डस्पार वेगळे होऊन एकाआड एक अतिशय पातळ थर बनतात. थरांची जाडी प्रकाशाच्या तरंगलांबीच्या जवळपास असल्याने त्यांच्यावर प्रकाश विखुरतो. थर जितके पातळ, तितकी झाक निळी. दगड घुमटासारखा घासतात आणि घुमटाचा तळ या थरांना समांतर ठेवतात; घासणाऱ्याचा कोन चुकला तर तोच दगड मंद, पांढुरका दिसतो.

फेल्डस्पारचे चंद्राशी नाते मात्र खरेच आहे. चंद्राचा उजळ दिसणारा भाग मुख्यतः याच गटातल्या कॅल्शियमयुक्त खनिजाचा आहे. 1971 मध्ये अपोलो 15 च्या अंतराळवीरांनी तसा खडक पृथ्वीवर आणला, आणि 2023 मध्ये चंद्रयान 3 च्या प्रज्ञान बग्गीने दक्षिण ध्रुवाकडच्या मातीची तपासणी केली, तेव्हा तिची घडणही त्याच जातीच्या खडकाशी जुळली. पाण्याच्या खुणा त्याआधीच मिळाल्या होत्या. चंद्रयान 1 वरच्या उपकरणाच्या नोंदींतून चंद्राच्या पृष्ठभागावर पाण्याचे आणि हायड्रॉक्सिलचे अंश असल्याचे 2009 मध्ये जाहीर झाले.