परतावा उशिरा का येतो?

गिरडच्या टेकडीवर शेख फरीदबाबांचा दर्गा आहे. त्या परिसरात सुपारी-जायफळासारखे गोल दगड सापडतात. बंजारा व्यापाऱ्यांनी फकिराची थट्टा केली आणि त्यांचा सारा माल दगड झाला, अशी लोककथा त्याविषयी सांगतात. आयकराचा अडकलेला परतावा पाहिला की मला ती कथा आठवते. वहीत रक्कम येणे दिसते. पेढीच्या कामी मात्र येत नाही.

पर्युषण आटोपून दिवाळीची खरेदी तोंडावर आली की व्यापारी बंधूंचा एकच प्रश्न असतो : “परतावा कधी येईल?” विवरणपत्राची ई-पडताळणी झाल्यापासून साधारणतः चार ते पाच आठवड्यांत तो येतो. कायद्याची मुदत मात्र बरीच लांब आहे. ज्या आर्थिक वर्षात विवरणपत्र भरले, ते संपल्यापासून नऊ महिन्यांत बंगळूरच्या केंद्रीय प्रक्रिया केंद्राने त्याचा निकाल कळवावयाचा असतो. म्हणजे २०२५-२६ मध्ये भरलेल्या विवरणपत्रासाठी ३१ डिसेंबर २०२६ पर्यंत वाट पाहावी लागू शकते.

विलंबाचे व्याज मिळते. दर महिन्याला अर्धा टक्का. विवरणपत्र वेळेत भरले असेल, तर ते करनिर्धारण वर्षाच्या १ एप्रिलपासून मोजतात. टीडीएसपोटी जादा गेलेले ६०,००० रुपये नोव्हेंबरअखेर परत आले, तर आठ महिन्यांचे २,४०० रुपये व्याज होते. परताव्याची रक्कम एकूण कराच्या दहा टक्क्यांहून कमी असेल, तर व्याज नाही. मिळालेले व्याज करपात्र असते, हेही अनेकजण विसरतात.

पुण्याच्या सँडविक एशिया या कंपनीचे प्रकरण या बाबतीत प्रसिद्ध आहे. १९७७-७८ पासूनच्या काही वर्षांतील तिची रक्कम १२ ते १७ वर्षे अडकून पडली होती. मुंबई उच्च न्यायालयात दाद मिळाली नाही. परंतु जानेवारी २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कंपनीला वार्षिक ९ टक्के दराने भरपाई देवविली. पुढे २०१३ मध्ये गुजरात फ्लोरोकेमिकल्स प्रकरणात त्याच न्यायालयाने स्पष्ट केले की, कायद्यात सांगितलेले व्याज तेवढेच मागता येईल. तेव्हा उशिराच्या भरपाईवर कोणी फार भिस्त ठेवू नये.

आणि जो विलंब करदात्याच्या चुकीने होतो, त्या काळाचे व्याजही मिळत नाही. हा धडा मी घरातच शिकलो. थोरल्या बंधूंच्या निधनानंतर वारसांचे काम लवकर मार्गी लागावे म्हणून मीच पुढाकार घेऊन त्यांचे बचत खाते बंद करविले. त्यांच्या ठेवींवर कापलेल्या टीडीएसचे ४१,००० रुपये परत यावयाचे होते, ते त्याच खात्यावर. रक्कम जमा होऊ शकली नाही. मग वहिनींची वारस म्हणून पोर्टलवर नोंदणी, मृत्युदाखला, वारसाचा पुरावा, दोघांचे पॅन, परतावा पुन्हा पाठविण्याची विनंती, यांत चौदा महिने गेले. “भाऊजी, तुम्ही बँकेतले असूनही?” एवढेच वहिनी म्हणाल्या. मजजवळ उत्तर नव्हते.

व्यापारी घरांत अशा चुका वारंवार दिसतात. विवरणपत्र भरतात, पण ३० दिवसांत ई-पडताळणी करावयाचे राहते. अविभक्त कुटुंबाच्या पॅनवरील परतावा कर्त्याच्या वैयक्तिक खात्यात मागितला जातो. १ मार्च २०१९ पासून परतावा केवळ पॅनशी जोडलेल्या बँक खात्यातच जमा होतो, म्हणून नावाची अक्षरेही जुळावी लागतात. १ एप्रिल २०२० रोजी काही सरकारी बँकांचे विलीनीकरण झाल्यानंतर त्यांच्या शाखांचे आयएफएससी क्रमांक बदलले. पोर्टलवर जुनाच क्रमांक राहिला असेल, तर रक्कम परत फिरते. जुनी थकबाकी असेल, तर परतावा तिच्यात वळता करण्यापूर्वी सूचना येते. २१ दिवसांत उत्तर दिले नाही, तर आक्षेप नाही असे समजतात. ही सूचना ई-मेलवर येते आणि तो ई-मेल बहुधा मुनीमजींचा किंवा कर सल्लागारांचा असतो!

यासाठी चार गोष्टी कराव्यात. विवरणपत्र भरण्यापूर्वी २६-एएस आणि वार्षिक माहिती विवरण आपल्या वहीशी ताडून पाहावे. खाते पोर्टलवर आधीच प्रमाणित करून घ्यावे. संपर्कासाठी घरातील जबाबदार व्यक्तीचाच मोबाइल द्यावा. दिवंगताचे खाते परतावा येईपर्यंत बंद करण्याची घाई करू नये.

याहून उत्तम म्हणजे जादा कर कापूच न देणे. ज्यांचा कर शून्य होतो, त्या ज्येष्ठांनी वर्षारंभीच बँकेत तसे घोषणापत्र द्यावे. ज्यांची कपात प्रत्यक्ष करापेक्षा बरीच अधिक होते, त्यांनी कमी दराच्या प्रमाणपत्रासाठी अर्ज करावा.

परतावा हे आपलेच धन आहे. पण हाती येईपर्यंत ते भांडवल नव्हे. त्याच्या भरवशावर मालाचा सौदा करू नये आणि हुंडीची तारीखही देऊ नये.