संथ गाणं पहिल्या क्रमांकावर कसं पोहोचतं?

‘गाणं पहिल्या क्रमांकावर गेलं’ असं आपण वाचतो. पण हा क्रमांक ठरतो कसा? पर्सी स्लेज यांच्या ‘व्हेन अ मॅन लव्ह्ज अ वुमन’ या सोल बॅलडच्या आधारे टप्प्याटप्प्याने पाहू. सोल म्हणजे कृष्णवर्णीय अमेरिकनांचं चर्चमधलं भक्तिगायन आणि रिदम अँड ब्लूज यांचा मिलाफ. बॅलड म्हणजे संथ लयीत भावना उलगडत नेणारं गाणं.

पहिला टप्पा ध्वनिमुद्रणाचा. स्लेज अलाबामातल्या एका रुग्णालयात वॉर्डबॉय होते. त्याच राज्यातल्या शेफील्ड गावी, क्विन आयव्ही यांच्या छोट्या स्टुडिओत गाणं मुद्रित झालं. स्पूनर ओल्डहॅम यांचा ऑर्गन शांतपणे सूर धरतो आणि स्लेज यांचा आवाज त्यावर जीव ओतून आर्जव करतो.

दुसरा टप्पा वितरणाचा. देशभर तबकड्या पोहोचवणं छोट्या स्टुडिओच्या आवाक्यात नसतं. न्यूयॉर्कच्या अटलांटिक कंपनीने हे गाणं सिंगल (एक मुख्य गाणं असलेली छोटी तबकडी) म्हणून बाजारात आणलं.

तिसरा टप्पा मोजणीचा. ‘बिलबोर्ड’ साप्ताहिक दुकानांकडून खपाची आणि रेडिओ केंद्रांकडून वाजणाऱ्या गाण्यांची माहिती मागवी. त्यातून ‘हॉट १००’ यादी तयार होई. कृष्णवर्णीय श्रोत्यांची आवड टिपणारी ‘आर अँड बी’ यादी वेगळी असे. मे १९६६ मध्ये हे गाणं दोन्ही याद्यांत पहिलं आलं. एका श्रोतृवर्गाचं गाणं दुसऱ्याने असं आपलंसं करणं, यालाच क्रॉसओव्हर म्हणतात.

आता गफलती कुठे होतात ते पाहू. क्रमांक म्हणजे एकूण खप नव्हे. त्या आठवड्यात इतर गाण्यांच्या तुलनेत मिळालेलं ते स्थान असतं.

देशोदेशीच्या याद्याही एकमेकींत मिसळू नयेत. ब्रिटनची यादी खपावर बने. तिथे हे गाणं १९६६ मध्ये चौथं आलं. १९८७ मध्ये लिव्हाइस जीन्सच्या जाहिरातीत वाजल्यावर थेट दुसरं. तेव्हा पहिलं होतं बेन ई. किंग यांचं ‘स्टँड बाय मी’, तेही लिव्हाइसच्याच जाहिरातीतून परतलेलं जुनं गाणं.

मुद्रण कुणाचं, हेही तपासावं. मायकेल बोल्टन यांनी गायलेलं हेच गाणं १९९१ मध्ये ‘हॉट १००’वर पहिलं आलं. ती नोंद त्यांच्या नावावर आहे, स्लेज यांच्या नाही.

सर्वांत क्लेशदायक गैरसमज पैशाचा. अमेरिकेत रेडिओवर गाणं वाजलं की रॉयल्टी (वापराचं मानधन) रचनाकारांना आणि प्रकाशकाला मिळते, गायकाला नाही. इथे रचनेचं श्रेय कॅल्विन लुईस आणि अँड्र्यू राइट यांच्या नावे आहे. चाल आपल्याला सुचली होती आणि श्रेय आपण सोडून दिलं, असं स्लेज सांगत. ज्यांच्या आवाजाने गाणं घराघरांत पोहोचलं, त्यांना रेडिओच्या या मानधनात वाटा नव्हता.

म्हणून यशाची बातमी वाचताना आपण चार गोष्टी विचाराव्यात: यादी कोणती, आठवडा कोणता, मुद्रण कुणाचं आणि रचनेचं श्रेय कुणाचं.