झाशीहून जळगावच्या कोर्टात

काकोरी कटाची शताब्दी २०२५ च्या ऑगस्टमध्ये येऊन गेली. मिशीला पीळ देणारे आझाद फलकांवर झळकले. मराठी भाषणांत झाशी आली ती मात्र नेहमीप्रमाणे राणीपुरतीच. राणीनंतरची छावणी आणि रेल्वेची दशके खुशाल वगळावीत, पण १९२५ ते १९३१ ही वर्षे वगळता येत नाहीत. काकोरीच्या धरपकडीतून निसटलेले चंद्रशेखर आझाद इथेच आले, मास्टर रुद्रनारायणांच्या आसऱ्याने राहिले, मोटार चालवायला शिकले, ओरछ्याजवळ सातार नदीकाठी ब्रह्मचारी बनून वावरले. सदाशिवराव मलकापूरकर, विश्वनाथ वैशंपायन आणि भगवानदास माहौर ही त्यांची झाशीची माणसे. त्यांतले पहिले दोघे मराठी घरांतले. भगतसिंगांच्या लाहोरमधल्या फाशीपाशी पुस्तक मिटणाऱ्यांना ती ठाऊक असण्याचे कारण नाही.

आझादांची संघटना, हिंदुस्थान समाजवादी प्रजातंत्र सेना, एकट्या पोलिसांना मोडता आली नसती. तिला मोडले माफीच्या साक्षीदारांनी, आणि याचा पुरावा जळगावच्या खटल्यात आहे. सप्टेंबर १९२९ मध्ये माहौर आणि मलकापूरकर भुसावळ स्थानकावर शस्त्रे-स्फोटकांसह सापडले. त्यांच्याविरुद्ध साक्षीला आणले गेले ते जयगोपाल आणि फणींद्रनाथ घोष. पहिला लाहोरच्या साँडर्सवधाच्या कटात सामील, दुसरा थेट मध्यवर्ती समितीतला. भाडोत्री हेराला जन्मभरात कळले नसते ते यांना घरबसल्या माहीत होते. फेब्रुवारी १९३० मध्ये माहौर यांनी कोर्टातच या दोघांवर गोळ्या झाडल्या. दोघेही वाचले. माहौर यांना जन्मठेप झाली.

हा निव्वळ अविचार होता, असे म्हणणारे आहेत. दिलेली साक्ष गोळीने पुसली जात नाही आणि आरोपीची शिक्षा तेवढी वाढते, हे त्यांचे म्हणणे खरेच आहे. पण पिस्तूल बाहेरच्या साथीदारांनी पोचवले होते, म्हणजे तो क्षणाचा संताप नव्हता. पुढच्या फितुराला धाक बसवण्याचा तो हिशेब होता. हिशेब चुकला, हे वेगळे. माफीचा साक्षीदार कायद्याला मान्यच असतो, हा दुसरा युक्तिवाद. मान्य, मात्र त्याची साक्ष उलटतपासणीत घासून घ्यावी लागते. लाहोर कटाच्या खटल्यात तर विशेष न्यायाधिकरणाने बहुतेक काम आरोपींच्या गैरहजेरीत उरकले. तिथे कायद्याची दुहाई कुणी देऊ नये.

घोषला १९३२ साली बेतियात ठार करण्यात आले. त्यासाठी बैकुंठ शुक्ल १९३४ मध्ये फासावर गेले. आझाद त्याआधीच, २७ फेब्रुवारी १९३१ ला, अलाहाबादेत पडले होते. त्यांच्या आईला, जगरानीदेवींना, पुढे मलकापूरकरांनी झाशीत आणून सांभाळले. १९५१ साली त्या तिथेच वारल्या. माहौर, मलकापूरकर आणि शिव वर्मा यांनी मिळून ‘यश की धरोहर’ लिहिले, वैशंपायनांनी आझादांचे चरित्र लिहिले, दोन्ही हिंदीत. मराठी व्यासपीठांवरून शताब्दीची भाषणे ठोकणाऱ्यांनी ती चाळलेली दिसली नाहीत.