एका पानभूमीची बखर

आमच्या वर्धा जिल्ह्यांत दारूबंदी होऊन आतां अर्धशतक लोटलें. गांधीजींच्या सेवाग्रामच्या पुण्याईनें येथें उघड मद्यगृह नाहीं; चोरून काय चालतें तें सर्वांस ठाऊक आहे, पण तो विषय वेगळा. मद्यगृह आंतून कसें दिसतें हें आम्हांस ठाऊक नव्हतें, व जाणून घेण्याची इच्छाही नव्हती. असें असतां अमेरिकेंतील समलिंगी स्त्रियांच्या मद्यगृहांचा माहितीपट आम्हीं घरांत बसून शेवटपर्यंत पाहिला, हें वाचून कित्येक वाचकांच्या भुंवया उंचावतील. आमच्या वहिनींच्याही उंचावल्या होत्या. परंतु त्या उठून मात्र गेल्या नाहींत.

चित्रपट मुंबईहून आलेल्या पुतणीनें लाविला. 'लास्ट कॉल अ‍ॅट मॉड्ज' हें त्याचें नांव. पॅरिस पॉइरियर या बाईंनीं तो १९९३ सालीं काढिला. सॅन फ्रान्सिस्को शहरांत रिकी स्ट्रायकर नांवाच्या स्त्रीनें १९६६ सालीं 'मॉड्ज' हें मद्यगृह उघडिलें व १९८९ सालीं तें बंद झालें. मद्यगृह मिटण्यापूर्वीं शेवटचा पेला मागण्यासाठीं जी हाक देतात, तीच चित्रपटाच्या नांवांत आहे. त्या अखेरच्या रात्रीं जमलेल्या स्त्रिया जुन्या आठवणी सांगतात, आणि त्यांतून १९४० नंतरच्या पन्नास वर्षांची बखर उभी राहते. पोलिसांच्या धाडी, नोकरी जाण्याचें भय, घरीं कळेल ही धास्ती! गंमत अशी कीं, मद्यगृहाची मालकीण स्त्री, येणाऱ्या स्त्रिया, पण १९७१ पर्यंत तेथें पेले भरण्याच्या कामावर स्त्रीस नेमण्याची कायद्यानें मुभा नव्हती. तेवढ्यासाठीं पुरुष ठेवावा लागे.

वहिनींस सर्वांत आवडल्या त्या डेल मार्टिन व फिलिस लायन या दोघी. धाडींस कंटाळलेल्या कांहीं स्त्रियांनीं १९५५ सालीं घरोघरीं जमण्यासाठीं एक मंडळ काढिलें, त्यांत या प्रमुख. दोघींनीं १९५३ पासून एकत्र संसार केला. २००८ सालीं त्यांचा विवाह कायदेशीर ठरला, आणि त्याच वर्षीं मार्टिनबाई वारल्या. "पंचावन्न वर्षें!" एवढेंच वहिनी म्हणाल्या.

संस्कृतांत मद्यगृहास 'पानभूमि' असा शब्द आहे. त्यांतील पानापेक्षां भूमीकडे आमचें लक्ष या चित्रपटानें प्रथम गेलें.

मुंबईस अशी भूमि कोठें होती, असें आम्हीं पुतणीस विचारिलें. स्वतःचें असें मद्यगृह नव्हतेंच, ती म्हणाली. कुलाब्याच्या 'व्हूडू' या पबमध्यें शनिवारची रात्र तेवढी होती. एरव्हीं बागा आणि रेल्वेचीं स्थानकें. १८६० च्या दंडसंहितेचें ३७७ वें कलम डोक्यावर होतें. सज्ञान माणसांच्या संमतीच्या संबंधांपुरतें तें सर्वोच्च न्यायालयानें ६ सप्टेंबर २०१८ रोजीं दूर केलें. अशोक राव कवी यांनीं १९९० सालीं 'बॉम्बे दोस्त' हें पत्र काढिलें, १९९६ सालीं रियाद वाडियांनीं 'बॉमगे' हा लहानसा चित्रपट केला. आमच्या वडिलांच्या पिढीस 'हंटरवाली' दाखविणाऱ्या जे. बी. एच. वाडियांचे हे नातू. आणि २०२३ सालीं 'स्वीकार' या मंडळाच्या चारशेंहून अधिक आईबापांनीं आपल्या मुलांस विवाहाचा हक्क मिळावा म्हणून सरन्यायाधीशांस पत्र लिहिलें. न्यायालयानें तो हक्क दिला नाहीं. पण आईबापांनीं नांवानिशीं लिहावें, हें आम्हांस थोर वाटलें.

आतां एक गोष्ट सांगितल्यावांचून सुटका नाहीं. तीस वर्षांपूर्वीं संस्कृताच्या तासास एका हुशार मुलाच्या वहींत, वर्गांतील दुसऱ्या मुलास लिहिलेलें पत्र आम्हांस सांपडलें. तें आम्हीं वर्गांत मोठ्यानें वाचिलें. वर्ग हंसला, आम्हीही हंसलों. तो मुलगा पहिल्या बांकावर बसत असे, तो पुन्हां तेथें बसला नाहीं. पुढें मुंबईस गेला, आणि वडिलांच्या तेराव्यास आला तेवढाच.

पुतणीची व त्याची तिकडे ओळख आहे. चित्रपट संपल्यावर तिच्याकडून नंबर घेऊन आम्हीं फोन केला. त्यानें आवाज लगेच ओळखला. आम्हीं क्षमा मागितली. तो बराच वेळ बोलला नाहीं, मग म्हणाला, "सर, तें पत्र तुम्हीं परत दिलें नव्हतें." खरेंच दिलें नव्हतें. 'व्हूडू'विषयीं विचारतां तो हंसला. शनिवारीं तेथें जाई, पण दारू त्यास कधींच मानवली नाहीं. सोडा घेऊन बसे. बारा वर्षें त्याचें एका गृहस्थाबरोबर बिऱ्हाड आहे. दिवाळींत दोघे वर्ध्यास यावयाचें म्हणतात.

"वाड्यावर येऊं कीं बाहेर भेटूं, सर?"

वाड्यावरच या, असें आम्ही बोलून गेलों. दादांस अद्याप सांगावयाचें आहे.