रुग्णालयातील चोरी आणि मौनाची किंमत

अमेरिकेतील कनेक्टिकट राज्यात येल विद्यापीठातर्फे चालविल्या जाणाऱ्या वंध्यत्वोपचार केंद्रात २०२० साली अनेक स्त्रियांवर बीजांडे काढून घेण्याची छोटी शस्त्रक्रिया झाली. त्या वेळी वेदना जाणवू नयेत म्हणून फेंटानिल हे औषध शिरेतून देतात. तरीही पुष्कळ स्त्रियांना असह्य वेदना झाल्या. त्यांनी तसे सांगितलेही. परंतु औषध दिल्याची नोंद कागदावर होती आणि कागदापुढे रुग्णाच्या शब्दाला वजन उरले नाही. अखेर एका कुपीचे झाकण सैल असल्याचे लक्षात आले व उलगडा झाला. केंद्रातील एक परिचारिका कुप्यांतील फेंटानिल स्वतःसाठी काढून घेऊन त्यांत सलाईन भरून ठेवीत होती. त्या वर्षीच्या जून ते ऑक्टोबर या काळात केंद्रात वापरलेल्या फेंटानिलच्या कुप्यांपैकी सुमारे ७५ टक्के कुप्या अशा भेसळीच्या होत्या, हे २०२१ साली न्यायालयासमोर आले. परिचारिकेने गुन्हा कबूल केला. तिला चार शनिवार-रविवारांचा तुरुंगवास, काही महिने घरातच स्थानबद्धता आणि त्यानंतर देखरेख अशी शिक्षा झाली. पुढे २०२२ साली विद्यापीठानेही शासनाला तीन लाख डॉलरहून अधिक रक्कम भरून प्रकरण मिटविले.

या घटनेकडे एका परिचारिकेचे स्खलन म्हणून पाहणे सोपे आहे. पण एवढ्यावर थांबले, तर तिच्यातील खरा प्रश्न नजरेआड होतो. महिनोन्‌महिने अशी चोरी चालू शकते, याचा अर्थ ती न दिसण्यात अनेकांची सोय असते. ही सोय कशी निर्माण होते आणि तिची किंमत कोण देतो, हा केवळ नीतीचा नव्हे, तर अर्थशास्त्राचाही प्रश्न आहे.

ज्ञान हे संरक्षण नव्हे

औषधांचे गुणदोष जाणणारी माणसे व्यसनात सापडत नाहीत, हा समज खोटा ठरल्यास शतक उलटून गेले. अमेरिकन शस्त्रक्रियाशास्त्राचे एक आद्य आचार्य विल्यम हॉल्स्टेड यांनी १८८४ च्या सुमारास कोकेनच्या साहाय्याने शरीराचा विशिष्ट भाग बधिर करण्याचे प्रयोग स्वतःवर केले आणि ते कोकेनच्या आहारी गेले. पुढे त्यांना मॉर्फिनचे व्यसन जडले आणि ते दीर्घकाळ राहिले. जॉन्स हॉपकिन्स रुग्णालयातील त्यांचे सहकारी विल्यम ऑस्लर यांना हे ठाऊक होते. त्यांनी ते एका खाजगी टिपणात लिहून ठेवले. ते टिपण मात्र १९६९ साली, म्हणजे हॉल्स्टेड यांच्या निधनानंतर सत्तेचाळीस वर्षांनी उघड झाले. थोर शल्यविशारदाभोवती सहकाऱ्यांनी मौनाची तटबंदी उभारली होती, असाच याचा अर्थ.

परिचारिकांमध्ये व्यसनाधीनतेचे प्रमाण सर्वसामान्य समाजातील प्रमाणाहून फारसे वेगळे नसावे, असे सामान्यतः मानले जाते. अमेरिकेत शंभरांत सुमारे दहा हा अंदाज वारंवार सांगितला जातो. म्हणजे हा व्यवसाय इतरांहून अधिक भ्रष्ट आहे, असे मुळीच नाही. फरक आहे तो परिस्थितीचा. रात्रपाळी, अपुऱ्या मनुष्यबळामुळे लागोपाठच्या पाळ्या, रुग्णांना उचलून जडलेले पाठीचे दुखणे, मृत्यूचे नित्य दर्शन आणि या साऱ्यांवरील तात्पुरता उतारा हाताच्या अंतरावर. पुष्कळदा सुरुवात डॉक्टरांनीच रीतसर लिहून दिलेल्या वेदनाशामक गोळीने होते. मॉर्फिनच्या पन्नास ते शंभर पट प्रभावी असलेल्या फेंटानिलच्या बाबतीत पुढचा उतार फार तीव्र असतो.

न पाहता केलेली सही

चोरी होते ती बहुधा कपाट फोडून नव्हे, तर नोंदवहीच्या आधारानेच. समजा, कुपीत औषध शंभर मायक्रोग्रॅम आहे आणि रुग्णाला पन्नासच द्यायचे आहे. उरलेले औषध दुसऱ्या कर्मचाऱ्यासमक्ष टाकून द्यावे आणि त्याने साक्षीची सही करावी, असा नियम असतो. वॉर्डात तीस रुग्ण असतात, घंटा वाजत असते आणि साक्षीदार येतो तो सही करण्यापुरता. औषध टाकले गेले की खिशात गेले, हे त्याने पाहिलेले नसते. ज्यांनी कचेऱ्यांत काम केले आहे, त्यांना न पाहता केलेल्या सहीचे हे प्रकरण समजावून सांगण्याची गरज नाही. नियम दोन डोळ्यांची अपेक्षा करतो. प्रत्यक्षात मिळते ती दोन सह्यांची जोडी.

यावर उपाय म्हणून गेल्या काही दशकांत अमेरिकेतील रुग्णालयांत संगणकाशी जोडलेली औषधांची कपाटे आली. कोणी, केव्हा, कोणत्या रुग्णासाठी किती औषध काढले, याची आपोआप नोंद ती करतात. एखादी व्यक्ती बरोबरीच्या सहकाऱ्यांहून फार अधिक औषध काढत असेल, तर ते आकड्यांवरून दिसते. पण आकडे दिसण्यासाठी ते कोणीतरी पाहावे लागतात. शिवाय कपाटातून बाहेर पडलेले औषध रुग्णाच्या शिरेत गेले की नाही, हे यंत्राला कळत नाही. ते रुग्णालाच कळते. म्हणून औषध देऊनही वेदना शमत नसल्याची एकाच वॉर्डातील वारंवार तक्रार हा चोरीचा सर्वांत स्वस्त आणि सर्वांत दुर्लक्षित पुरावा आहे. कनेक्टिकटमध्ये तो महिनोन्‌महिने समोर होता.

गप्प राहण्याचे अर्थशास्त्र

सहकाऱ्याला संशय आला, तर तो काय करील? बोलावे, तर मैत्रीण नोकरीला व परवान्याला मुकणार, कदाचित तुरुंगात जाणार. शिवाय संशय खोटा ठरला, तर बोलणाऱ्याचीच शोभा. गप्प राहावे, तर त्याला स्वतःला काहीच भरावे लागत नाही. रुग्णालयाच्या चालकांपुढेही हाच हिशेब असतो. तक्रार नोंदवावी, तर पोलीस, वर्तमानपत्रे, रुग्णांचे दावे आणि दंड. त्यापेक्षा राजीनामा घ्यावा, प्रमाणपत्रावर दोन साळसूद ओळी लिहाव्यात आणि ब्याद दुसऱ्याच्या दारी पाठवावी, हे स्वस्त पडते. खाजगी खर्च आणि सामाजिक खर्च यांतील तफावतीचे याहून ठळक उदाहरण शोधावे लागणार नाही. कारखान्याने सांडपाणी नदीत सोडावे आणि खालच्या गावाने ते प्यावे, तसाच हा प्रकार.

या खालच्या गावाचे काय होते, हे २०१२ साली न्यू हॅम्पशायर राज्यातील एक्झेटर रुग्णालयात दिसले. तेथील हृदयरोग विभागात काम करणारा एक तंत्रज्ञ फेंटानिलच्या सिरिंजा चोरून स्वतःला टोचून घेई आणि त्याच सिरिंजा सलाईनने भरून परत ठेवी. त्याला हिपॅटायटिस-सी हा यकृताचा संसर्गजन्य रोग होता. परिणामी निरनिराळ्या राज्यांतील चाळीसहून अधिक रुग्णांना या रोगाची लागण झाली. एकट्या न्यू हॅम्पशायरमधील बाधितांची संख्या ३२ होती. हा मनुष्य परिचारक नव्हता. पण चोरीची रीत तीच होती. तो कंत्राटी पद्धतीने राज्याराज्यांतील रुग्णालयांतून फिरत होता. यापूर्वी निदान दोन ठिकाणी त्याच्यावर औषधे लांबविल्याचा संशय आला होता, एके ठिकाणी तर तो स्वच्छतागृहात बेशुद्ध सापडला होता. तरीही थोड्याच दिवसांत दुसऱ्या राज्यात त्याला नवे काम मिळाले. २०१३ च्या डिसेंबरात त्याला ३९ वर्षांची शिक्षा झाली. त्याला पुढे ढकलणाऱ्या मौनाची किंमत मात्र हृदयविकारावर इलाज करून घेण्यासाठी आलेल्या माणसांनी आपल्या यकृताने मोजली.

अमेरिकन शासनाने हा हिशेब बदलण्यासाठी दंडाचे हत्यार उपसले. बोस्टनच्या मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलमधून दोघा परिचर्या कर्मचाऱ्यांनी सुमारे १६ हजार गोळ्या लांबविल्या. या प्रकरणी २०१५ साली रुग्णालयाला २३ लाख डॉलर भरावे लागले. मिशिगन विद्यापीठाच्या रुग्णालयात २०१३ च्या डिसेंबरात एकाच दिवशी एक परिचारिका आणि भूलशास्त्राचा एक निवासी डॉक्टर चोरलेल्या औषधांच्या अतिमात्रेने कोसळले. डॉक्टर वाचला, परिचारिका दगावली. २०१८ साली त्या संस्थेला ४३ लाख डॉलर द्यावे लागले. निष्काळजीपणा महाग करणे योग्यच आहे. पण बोस्टनच्या रुग्णालयाने चोरीची माहिती स्वतः होऊन शासनाला दिली होती, हेही ध्यानात घेतले पाहिजे. सांगणाऱ्याचा आणि लपविणाऱ्याचा दंड यांत पुरेसे अंतर ठेवले नाही, तर पुढचे रुग्णालय लपविण्याचाच मार्ग धरील.

शिक्षा की उपचार?

हेच तत्त्व व्यक्तीलाही लागू पडते. व्यसनाधीन डॉक्टर हा आजारी माणूस आहे, ही भूमिका अमेरिकन मेडिकल असोसिएशनने १९७३ साली मांडली. परिचारिकांबाबत अशी भूमिका घेण्यास त्यांच्या संघटनेला १९८२ साल उजाडावे लागले. डॉक्टर आजारी आणि परिचारिका चोर, हा भेद रोगशास्त्रातून नव्हे, तर समाजातील उतरंडीतून आलेला होता. १९८३ साली फ्लॉरिडा राज्याने परिचारिकांसाठी पर्यायी योजना सुरू केली आणि पुढे अमेरिकेतील बहुतेक राज्यांनी या ना त्या स्वरूपात तिचे अनुकरण केले. योजनेचे स्वरूप सौम्य दिसते, तितके ते नाही. परिचारिकेला तत्काळ रुग्णसेवेतून दूर केले जाते. उपचार पूर्ण करावे लागतात. कामावर परतल्यावर काही काळ अमली औषधांच्या किल्ल्या तिच्या हाती दिल्या जात नाहीत आणि अनेक वर्षे पूर्वसूचना न देता लघवीची तपासणी होते. अटी मोडल्या, तर परवाना जातोच.

चोराला एवढी सवलत कशासाठी, असा आक्षेप यावर घेतला जातो आणि तो उडवून लावण्यासारखा नाही. वेदनेने तळमळलेल्या रुग्णाच्या बाजूने पाहिले, तर चार शनिवार-रविवारांचा तुरुंगवास ही थट्टाच वाटेल. ज्याने रुग्णाचे औषध काढून घेऊन त्याच्या शिरेत पाणी सोडले, त्याचा खटला न्यायालयातच चालला पाहिजे. उपचार हा शिक्षेला पर्याय नव्हे. परंतु पर्यायी योजनेचे खरे महत्त्व त्या अवस्थेपर्यंत पोहोचण्यापूर्वीचे आहे. बोलल्याने मैत्रिणीचा नाश न होता तिला उपचार मिळणार असतील, तर सहकारी लवकर बोलेल. तीही कदाचित स्वतः होऊन पुढे येईल. लवकर उघड झालेली चोरी म्हणजे वाचलेले रुग्ण. दया येथे रुग्णाच्या विरोधात जात नाही; देखरेखीची जोड असेल, तर ती रुग्णाचेच रक्षण करते.

आपल्यासाठी धडा

यातून आपल्याकडे कोणता बोध घ्यावा? पहिला बोध सावधगिरीचा आहे. चोरी होते, म्हणून कपाटाला आणखी कुलपे लावावीत, ही स्वाभाविक प्रतिक्रिया असते. १९८५ च्या अमली पदार्थविषयक कायद्यानंतर भारताने तिचा कटू अनुभव घेतला. परवान्यांच्या जंजाळामुळे व शिक्षेच्या धास्तीमुळे औषधविक्रेत्यांनी व रुग्णालयांनी मॉर्फिन ठेवणेच सोडून दिले. ज्या देशात औषधासाठी अफूची कायदेशीर लागवड होते, त्याच देशातील कर्करोगाचे रुग्ण मॉर्फिनवाचून तळमळत राहिले. केरळातील डॉ. एम. आर. राजगोपाल आणि त्यांच्यासारख्यांच्या दीर्घ प्रयत्नांनंतर २०१४ साली कायद्यात दुरुस्ती झाली आणि मॉर्फिन, फेंटानिल यांसारख्या अत्यावश्यक औषधांसाठी परवान्याची पद्धत सुटसुटीत करण्यात आली. चोरीच्या भीतीने ही वाट पुन्हा बंद करणे म्हणजे एका रुग्णाचे औषध चोरीला गेले म्हणून शंभरांचे काढून घेण्यासारखे होईल.

दुसरा बोध असा, की आपल्या कायद्यात उपचाराचे तत्त्व अगदीच अपरिचित नाही. सेवनाच्या वा अल्प प्रमाणातील पदार्थाच्या गुन्ह्यात जो व्यसनाधीन स्वतः होऊन उपचार घेण्यास तयार होतो, त्याला खटल्यापासून संरक्षण देणारे कलम याच कायद्यात आहे. राज्यांच्या परिचर्या परिषदांनी या धाग्यावरून पुढे जाऊन, उपचार व देखरेख यांची निश्चित व्यवस्था उभी करण्याचा विचार करावा. रुग्णालयांनी साक्षीची सही ही प्रत्यक्ष पाहूनच होईल इतके मनुष्यबळ वॉर्डात ठेवावे. आणि कर्मचारी नेमताना मागच्या नोकरीतील खरी माहिती मागणे व देणे, ही दोन्ही बाजूंची कायदेशीर जबाबदारी ठरवावी.

यांतील कोणतीही गोष्ट फुकट होणारी नाही. वॉर्डात एक परिचारिका अधिक नेमायची, तर पगार द्यावा लागतो. तपासणीला पैसा लागतो. परंतु आज हा खर्च होत नाही, असे मानणे ही हिशेबातील चूक आहे. तो होतोच, फक्त तो रुग्णालयाच्या खतावणीत न दिसता रुग्णाच्या खाटेवर दिसतो. भूल दिल्यानंतरही दुखते आहे, असे सांगणाऱ्या रुग्णाला नोंदवही दाखवून गप्प करण्याऐवजी कुपी तपासून पाहण्याचा शिरस्ता पडेल, त्या दिवशी या सुधारणेला खरा आरंभ झाला असे म्हणता येईल.