आवाजाला मागे टाकणारी विमाने

भारताच्या नकाशावर मुंबई आणि भुवनेश्वर ही शहरे शोधा आणि पट्टी धरून एका सरळ रेषेने जोडा. ही रेषा परभणी जिल्ह्याच्या उत्तर भागावरून, सेलू-जिंतूरच्या परिसरावरून जाते. आता अशी कल्पना करा, की तुम्ही देवगाव फाट्यावर एस.टी.ची वाट पाहत उभे आहात आणि या रेषेवरून १८ किलोमीटर उंचीवर एक प्रवासी विमान आवाजाच्या दुप्पट वेगाने पूर्वेकडे चालले आहे. विमान बरोबर तुमच्या डोक्यावर आले तरी तुम्हाला काहीच ऐकू येणार नाही. सुमारे ५० सेकंद तशीच शांततेत जातील आणि मग एकदम दोन धमाके, लागोपाठ, तोफ उडाल्यासारखे! तोवर विमान ३१ किलोमीटर पुढे, म्हणजे जिंतूरही मागे टाकून गेलेले असेल.

हे ३१ किलोमीटर आले कोठून? येलदरीच्या जलाशयात वेगाने जाणारी मोटारहोडी पाहा. पाण्यावरच्या लाटांपेक्षा होडी जलद असेल, तर लाटांना तिच्या पुढे जाता येत नाही. त्या मागे साचतात आणि होडीच्या टोकापासून दोन्ही बाजूंना पाचरीसारखी उंच लाट पसरते. हवेतही असेच घडते. विमान आवाजापेक्षा जलद, म्हणजे स्वनातीत वेगाने जाऊ लागले, की त्याने निर्माण केलेले दाबाचे तरंग त्याच्या पुढे सरकू शकत नाहीत. ते एकावर एक साचून एक आघाततरंग बनतो. त्याचा आकार शंकूसारखा असतो आणि शंकूचे टोक विमानाच्या नाकाशी असते. विमानाचा वेग आवाजाच्या किती पट आहे, त्या संख्येला माख अंक म्हणतात. माख २ असेल तर शंकूच्या अर्ध्या कोनाची ज्या १/२, म्हणजे तो कोन ३० अंशांचा. उंची १८ किलोमीटर, म्हणून शंकूची कड जमिनीला टेकते तेव्हा विमान १८ गुणिले √३, म्हणजे सुमारे ३१ किलोमीटर पुढे असते. नववी-दहावीची त्रिकोणमिती येथे कामाला येते. खालची हवा गरम असल्यामुळे प्रत्यक्षात शंकूची कड थोडी वाकते, पण वहीतल्या गणिताला एवढे पुरे. दोन धमाके का, तर एक आघाततरंग नाकाचा आणि दुसरा शेपटाचा.

असा छोटा धमाका तुम्ही नक्कीच ऐकलेला आहे. पोतराजाचा आसूड ‘फट्’ असा कडाडतो, तेव्हा त्याच्या शेवटाचा वेग आवाजाहून अधिक झालेला असतो.

एक गैरसमज मात्र दूर करायला हवा. ‘विमानाने आवाजाची भिंत फोडली, त्या क्षणी धमाका झाला’ असे पुष्कळ ठिकाणी लिहिलेले आढळते. धमाका एका क्षणाचा नसतो. विमान स्वनातीत वेगाने उडत असेपर्यंत तो शंकू त्याच्या मागून जमिनीवर ओढला जात असतो. विमान १८ किलोमीटर उंचीवर असेल, तर धमाक्याचा पट्टा साधारण ८० किलोमीटर रुंद पडतो. म्हणजे देवगाव फाट्याबरोबरच मंठा, सेलू, जिंतूर आणि मधली सगळी गावे त्यात येतील. विमानात माणसे शंभर आणि पट्ट्यात लाखो, ज्यांच्यापैकी कुणी तिकीट काढलेले नाही! स्वनातीत प्रवासाची सारी हकीकत या विषम हिशेबाभोवती फिरते, असे मला वाटते.

अशी प्रवासी विमाने दोनच झाली. सोव्हिएत रशियाचे टीयू-१४४ हे ३१ डिसेंबर १९६८ रोजी प्रथम उडाले; पण त्याची प्रवासी वाहतूक १९७७-७८ मध्ये काही महिनेच चालली. दुसरे ब्रिटन व फ्रान्स यांनी मिळून बांधलेले कॉन्कॉर्ड. ते २ मार्च १९६९ रोजी प्रथम उडाले आणि २१ जानेवारी १९७६ पासून प्रवासी नेऊ लागले. वेग माख २, म्हणजे तासाला सुमारे २१५० किलोमीटर. या वेगात पुढची हवा इतकी दाबली जाते, की बाहेर उणे ५६ अंश तापमान असतानाही विमानाचे नाक १२० अंशांच्या वर तापे आणि उड्डाणात सारे विमान वीतभर लांब होई! त्याच्या टाक्यांत ९५ टन इंधन मावे आणि त्यात बसत फक्त शंभर उतारू. भागाकार तुम्हीच करा.

ज्या कंपन्यांनी कॉन्कॉर्डसाठी आगाऊ नोंदणी केली होती, त्यांत आपली एअर इंडियाही होती. तिने २ विमाने राखून ठेवली होती. पण १९७३ नंतर खनिज तेल महागले आणि जमिनीवरून स्वनातीत उड्डाणाला बऱ्याच देशांनी नकार दिला. अमेरिकेने १९६४ मध्ये ओक्लाहोमा शहरावर सहा महिने रोज असे धमाके करून लोकांना विचारले होते. चौथ्या हिश्शाहून अधिक लोक म्हणाले, हे कायमचे सोसणार नाही. तेथे १९७३ मध्ये नागरी विमानांवर बंदी आली. एअर इंडियाची विमाने कधी आलीच नाहीत. शेवटी कॉन्कॉर्ड घेतली ती ब्रिटिश एअरवेज आणि एअर फ्रान्स यांनीच.

आपल्या देशाशी कॉन्कॉर्डचा खरा संबंध आला तो लंडन–बहारीन–सिंगापूर या मार्गावर. शाळेतला पृथ्वीगोल घ्या आणि बहारीन ते सिंगापूर असा दोरा घट्ट ताणा. दोरा श्रीवर्धनच्या आसपास कोकणात शिरेल, सातारा व विजापूर यांवरून जाईल आणि नेल्लोरजवळ समुद्रावर उतरेल. किनाऱ्यापासून किनाऱ्यापर्यंतचे हे अंतर सुमारे ८२० किलोमीटर. कॉन्कॉर्डला ते कापायला २३ मिनिटे पुरली असती. त्या २३ मिनिटांत धमाक्याच्या पट्ट्याखाली आली असती सुमारे ६५,००० चौरस किलोमीटर जमीन. जवळजवळ सगळा मराठवाडा! भारताने भूमीवरून स्वनातीत उड्डाणाला परवानगी दिली नाही. आता उरले दोन मार्ग. एक तर साध्या विमानाच्या वेगाने जायचे. मग एवढा खटाटोप कशासाठी? किंवा समुद्रावरून लांबचा वळसा घालायचा. डिसेंबर १९७७ मध्ये सुरू झालेली ही सेवा मलेशियाच्या हरकतीमुळे तीनच फेऱ्यांनंतर थांबली, जानेवारी १९७९ मध्ये पुन्हा सुरू झाली आणि १९८० मध्ये कायमची बंद पडली. मुख्यतः अटलांटिक महासागरावर, जेथे खाली ऐकायला कुणी नाही, तेथे कॉन्कॉर्ड टिकले. २५ जुलै २००० रोजी पॅरिसजवळच्या अपघातात ११३ जण मृत्यू पावले आणि २००३ मध्ये ही विमाने निवृत्त झाली.

आपल्या आकाशात धमाका होतच नाही असे नाही. लढाऊ विमाने स्वनातीत असतात. २० मे २०२० रोजी बंगळूर शहराला अचानक मोठा आवाज ऐकू आला, तेव्हा भूकंप झाला की काय, असे लोकांना वाटले. तो हवाई दलाच्या चाचणी उड्डाणाचा धमाका होता आणि विमान शहराबाहेर बरेच दूर होते.

मग पुढे काय? धमाका टाळण्याची एक युक्ती तुम्हाला उन्हाळ्यात देवगाव फाट्यावरच पाहायला मिळते. दुपारी डांबरी सडकेवर पाणी असल्याचा भास होतो. सडकेलगतच्या तापलेल्या विरळ हवेत प्रकाशाचा वेग किंचित वाढतो, त्यामुळे किरण वर वळतात आणि आपल्याला मृगजळ दिसते. आवाजही गरम हवेत जलद जातो. उंचावरच्या थंड हवेत तो सेकंदाला सुमारे २९५ मीटर, तर जमिनीजवळ ३४० मीटर किंवा अधिक. त्यामुळे वरून येणारा आघाततरंगही हळूहळू वर वळतो. विमानाचा वेग जमिनीजवळच्या आवाजापेक्षा कमी ठेवला, तर तरंग जमिनीला न टेकताच माघारी फिरतो. ३४० ला २९५ ने भागा, म्हणजे मर्यादा माख १.१५ च्या आसपास येते. अमेरिकेतील बूम कंपनीच्या एक्सबी-१ या छोट्या विमानाने २८ जानेवारी २०२५ रोजी माख १.१ च्या थोडे वर जाऊन हेच करून दाखविले. जमिनीवर धमाका ऐकू आला नाही. तेथील जुनी बंदी उठविण्याचा आदेशही ६ जून २०२५ रोजी निघाला.

पण मर्यादा लक्षात ठेवा. मुंबई–कोलकाता अंतर सुमारे १६६० किलोमीटर. नेहमीच्या विमानाला हवेत पावणेदोन तासांच्या वर लागतात. या युक्तीने अर्धा तास वाचेल. देवगाव फाट्याहून मुंबईचा विमानतळ गाठण्यासाठी रात्र बसमध्ये काढणाऱ्याला या अर्ध्या तासाचे फारसे कौतुक वाटणार नाही!

दुसरी युक्ती अधिक धाडसी आहे. धमाका टाळायचा नाही, तर पसरवायचा. विमानाच्या निरनिराळ्या भागांचे छोटे आघाततरंग वाटेत एकमेकांत मिसळून मोठे होतात. विमानाचा आकारच असा करायचा, की ते मिसळू नयेत. नासा या संस्थेचे एक्स-५९ याच कल्पनेवर बांधलेले आहे. लांबी सुमारे ३० मीटर आणि त्यातला जवळजवळ तिसरा हिस्सा नुसते नाक! वैमानिकाला समोर दिसतच नाही. त्याच्यापुढे खिडकीऐवजी कॅमेऱ्याचा पडदा आहे. हे विमान २८ ऑक्टोबर २०२५ रोजी प्रथम उडाले, पण सावकाश वेगाने. माख १.४ ने जाताना त्याचा आवाज खाली शेजारच्याने मोटारीचे दार लावल्याएवढाच यावा, असा हेतू आहे. खरी परीक्षा त्यानंतर. ते वस्त्यांवरून उडवायचे आणि खालच्या लोकांना विचारायचे, की तुम्हाला काय ऐकू आले आणि त्याचा त्रास झाला का.